मणी कौल यांची चित्रपटशैली व आशयसूत्रे

मणी कौल (जन्म : २५ डिसेंबर १९४४, जोधपूर; मृत्यू : ६ जुलै २०११) हे मुख्यतः हिंदीत चित्रपट करणारे भारतीय दिग्दर्शक, चित्रपटविषयक चिंतक आणि ध्रुपद गायकीचे साधक होते. ‘उसकी रोटी’ (१९६९), ‘आषाढ का एक दिन’ (१९७१), ‘दुविधा’ (१९७३), ‘सतह से उठता आदमी’ (१९८०), ‘ध्रुपद’ (१९८२), ‘माटी मानस’ (१९८४), ‘सिद्धेश्वरी’ (१९८९), ‘नजर’, ‘इडियट’ आणि ‘नौकर की कमीज’ (१९९९) या त्यांच्या प्रमुख कृती होत. भारतीय प्रायोगिक चित्रपटाच्या चर्चेत कुमार शहानी यांच्याबरोबर त्यांचे नाव अग्रक्रमाने घेतले जाते.

चित्रपटाने कथा सांगावी आणि प्रेक्षकाने तिच्यात रंगून जावे, ही रूढ अपेक्षा कौल यांनी पहिल्या चित्रपटापासूनच बाजूला ठेवली. त्यांच्या मते चित्रपटाचे खरे माध्यम दृश्य नसून काळ हे होय. गायक रागाचा विस्तार करतो त्याप्रमाणे दिग्दर्शकाने काळाचा विस्तार करावा, हा विचार त्यांच्या सर्व निर्मितीच्या मुळाशी आहे. तो एकदम सिद्ध झाला नाही. आरंभी चित्रकलेकडून आणि पुढे संगीताकडून ते या विचारापर्यंत पोचले. त्यांच्या चित्रपटांचा संथपणा, पात्रांचे सपाट सुरातील बोलणे, वाट पाहणाऱ्या स्त्रिया, साहित्यकृतींशी असलेले विलक्षण नाते या गोष्टी याच विचारातून उलगडतात.

जडणघडण

कौल यांचे कुटुंब काश्मिरी पंडित असले तरी त्यांचे बालपण राजस्थानात गेले. चित्रपट दिग्दर्शक व अभिनेते महेश कौल हे त्यांचे काका. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये (पुढील काळातील फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट ऑफ इंडिया) त्यांनी प्रथम अभिनयाच्या अभ्यासक्रमाला प्रवेश घेतला आणि नंतर ते दिग्दर्शनाकडे वळले. १९६६ मध्ये त्यांचा अभ्यासक्रम पूर्ण झाला. प्रभात फिल्म कंपनीच्या जुन्या आवारात भरणाऱ्या या संस्थेत त्या सुमारास ऋत्विक घटक अध्यापन करीत होते. कुमार शहानी, जॉन अब्राहम आणि मणी कौल हे घटकांचे तीन नामांकित शिष्य होत. तिघांचे चित्रपट एकमेकांपासून फार भिन्न आहेत, यातच त्या अध्यापनाचे मोठेपण दिसते.

घटकांच्या चित्रपटांतील नाट्य, आक्रोश, फाळणीची जखम यांपैकी काहीही कौल यांच्याकडे आढळत नाही. त्यांनी घेतले ते ध्वनीचे स्वातंत्र्य. पडद्यावर जे दिसते त्याचाच आवाज ऐकू आला पाहिजे असे नाही. ध्वनी दृश्याला छेद देऊ शकतो, त्याच्या पुढे किंवा मागे राहू शकतो, हे त्यांनी घटकांकडून उचलले. दुसरा मोठा प्रभाव फ्रेंच दिग्दर्शक रॉबेर ब्रेसाँ यांचा. ब्रेसाँ नटांकडून भावदर्शन काढून घेत. चेहऱ्यापेक्षा हात, पावले, वस्तू यांकडे लक्ष वेधीत. कौल यांच्या आरंभीच्या चित्रपटांत हा प्रभाव उघड दिसतो आणि त्यांनी तो कधी लपविला नाही.

‘उसकी रोटी’

मोहन राकेश यांच्या कथेवर आधारलेला हा पहिलाच चित्रपट फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन या सरकारी महामंडळाच्या कर्जातून तयार झाला. मृणाल सेन यांचा ‘भुवन शोम’ आणि बासू चटर्जी यांचा ‘सारा आकाश’ हेही त्याच सुमाराचे. तिन्ही चित्रपटांचे छायालेखक एकच, के. के. महाजन. ‘सारा आकाश’मध्ये तर कौल यांनी भूमिकाही केली आहे.

‘उसकी रोटी’ची कथा चार वाक्यांत सांगून संपते. पंजाबातील एका खेड्यातील बालो रोज दुपारी आपल्या नवऱ्यासाठी, बसचालक सुच्चासिंगसाठी, भाकरी घेऊन रस्त्यावरच्या थांब्यावर जाते. तो आठवडाभर बाहेर असतो व एकदाच घरी येतो. एके दिवशी धाकट्या बहिणीवर ओढवलेल्या प्रसंगामुळे तिला उशीर होतो आणि सुच्चासिंग भाकरी न घेताच रागाने निघून जातो. ती थांब्यावर वाट पाहत राहते.

व्यावसायिक चित्रपटात या कथेतील बहिणीचा प्रसंग, नवऱ्याचा राग, त्याचे बाहेरचे आयुष्य हे सारे ‘प्रसंग’ झाले असते. कौल यांनी वाट पाहणे हाच विषय केला. कणीक मळणारे हात, भाकरी बांधलेले फडके, झाडाचे खोड, भिंतीला टेकलेली पाठ, रिकामा रस्ता अशा प्रतिमा पुनःपुन्हा येतात. त्यांपैकी कोणती प्रत्यक्षातली आणि कोणती बालोच्या मनातली हे प्रेक्षकाला ठामपणे सांगता येत नाही. ही संदिग्धता हेतुपुरस्सर आहे. त्यासाठी कौल यांनी एक तांत्रिक शिस्त स्वतःवर लादून घेतली होती. सबंध चित्रपट प्रामुख्याने दोनच भिंगांनी चित्रित करावयाचा, एक २८ मि.मी.चे आणि दुसरे १३५ मि.मी.चे. पहिल्या भिंगातून विस्तृत भाग दिसतो आणि जवळचे व दूरचे दोन्ही स्पष्ट राहते. दुसऱ्यातून अरुंद भाग दिसतो आणि मागचापुढचा परिसर पुसट होतो. आरंभी एक भिंग वास्तवासाठी आणि दुसरे मनोव्यापारासाठी अशी वाटणी करून पुढे ती हळूहळू उलटविली आहे. त्यामुळे नियमाची सवय होते न होते तोच तो नियम हातातून निसटतो. चित्रचौकटींतील स्त्रियांच्या स्थिर, जड, अंतर्मुख आकृतींवर अमृता शेरगिल यांच्या चित्रांची छाया आहे.

या चित्रपटावर त्या काळच्या वृत्तपत्रांतून कडाडून टीका झाली. सार्वजनिक पैशातून कोणालाही न समजणारे चित्रपट का काढावेत, हा त्या टीकेचा रोख होता. दुसरीकडे समीक्षकांच्या निवडीचा फिल्मफेअर पुरस्कार त्याला मिळाला. हा पुरस्कार पुढेही कौल यांच्या ‘आषाढ का एक दिन’, ‘दुविधा’ आणि ‘इडियट’ या चित्रपटांना लाभला. बर्लिन चित्रपट महोत्सवाच्या १९७१ च्या परीक्षक मंडळावर त्यांची निवड झाली, तेव्हा त्यांचे वय तिशीच्या आतच होते.

आवाज आणि देह

‘आषाढ का एक दिन’ हे मोहन राकेश यांचे कालिदासाच्या जीवनावरील गाजलेले नाटक. गावातील प्रेयसी मल्लिका हिला सोडून कालिदास उज्जयिनीच्या राजाश्रयाला जातो आणि सर्व काही गमावून परत येतो. तोपर्यंत मल्लिकेचे आयुष्यही मोडून पडलेले असते. कौल यांनी नाटकाचे स्थळ बव्हंशी तसेच ठेवले. डोंगरउतारावरील एक झोपडी, बाहेर धुके आणि पाऊस. बदलले ते बोलणे. संवाद आधी ध्वनिमुद्रित करून चित्रीकरणाच्या वेळी ऐकविण्यात आले. नटाला ‘बोलून दाखविण्या’च्या जबाबदारीतून मोकळे केले की त्याचा देह वेगळ्या प्रकारे स्थिर होतो आणि शब्द हे व्यक्तीचे उद्गार न राहता अवकाशात पसरलेले वाङ्मय होतात. नाटकाचे चित्रण म्हणजे रंगमंचाची नक्कल, हा समज या चित्रपटाने खोटा ठरविला. मराठी वाचकाला या चित्रपटाचे आणखी एक अगत्य वाटावे. त्यातील कालिदास म्हणजे चित्रपटकार व मराठी लेखक अरुण खोपकर आणि मल्लिका म्हणजे मराठी प्रायोगिक रंगभूमीवरील अभिनेत्री रेखा सबनीस. विलोमची भूमिका ओम शिवपुरी यांनी केली.

‘दुविधा’त आवाज आणि देह यांची फारकत अधिक खोल गेली. विजयदान देठा यांनी लिहिलेल्या राजस्थानी लोककथेत नवविवाहित सावकारपुत्र व्यापारासाठी पाच वर्षे परगावी जातो. झाडावरचे एक भूत नववधूवर मोहित होऊन त्याचे रूप घेते आणि तिच्याकडे येते. मात्र ते तिला फसवीत नाही. आपण कोण आहोत हे सांगते. ती त्याचा स्वीकार करते. मूल जन्माला येते, खरा नवरा परत येतो आणि एक धनगर युक्तीने भुताला कातडी पिशवीत कोंडतो. वधूच्या वाट्याला पुन्हा तोच नवरा येतो. ती काय म्हणते, हे कोणी विचारीत नाही.

चित्रीकरण देठा यांच्या बोरुंदा या गावी झाले. छायालेखन नवरोज काँट्रॅक्टर यांचे, संगीत राजस्थानी लोककलावंतांचे. चित्रकार अकबर पदमसी यांनी निर्मितीला हातभार लावला आणि त्यांची कन्या रईसा हिने वधूची भूमिका केली. १६ मि.मी. फितीवर अत्यल्प साधनांत केलेल्या या चित्रपटातील लाल, पांढरा आणि पिवळा हे रंग डोळ्यांपुढून सहज हलत नाहीत. पात्रे फारशी बोलत नाहीत. निवेदनाचा आवाज आणि त्यांच्या मनातील आवाज बोलतात. मधूनच दृश्य गोठते. रूप कोणाचे, आवाज कोणाचा आणि हक्क कोणाचा या कथेतल्याच प्रश्नाला ही रचना अगदी चपखल बसते. भुताकडे दुसऱ्याचा देह आहे, वधूकडे स्वतःचा आवाज नाही. या चित्रपटासाठी कौल यांना सर्वोत्कृष्ट दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. याच कथेवर पुढे अमोल पालेकर यांनी ‘पहेली’ (२००५) हा चित्रपट केला. त्यात भूत नवऱ्याच्या देहात शिरून वधूजवळ राहते आणि शेवट सुखाचा होतो. दोन्ही चित्रपट एकापाठोपाठ पाहिल्यास कथेचा शेवट बदलला की स्त्रीचा प्रश्न कसा विरून जातो, हे विद्यार्थ्यांना सहज कळेल.

यथादर्शनाला नकार

युरोपीय प्रबोधनकाळात चित्रकलेत यथादर्शनाची पद्धत रूढ झाली. समांतर रेषा दूरवर एका बिंदूत मिळतात आणि सारे चित्र एका पाहणाऱ्याच्या डोळ्यासाठी रचले जाते. कॅमेऱ्याचे भिंग हे याच पद्धतीचे यांत्रिक रूप आहे, असे कौल यांचे प्रतिपादन होते. पण त्यांचा मुद्दा केवळ चित्रचौकटीपुरता नव्हता. रूढ कथानकही असेच एका बिंदूकडे धावत असते, तो म्हणजे उत्कर्षबिंदू. प्रत्येक प्रसंग त्याची तयारी म्हणून येतो आणि स्वतःचे मोल गमावतो. ‘सीन फ्रॉम नोव्हेअर’ या निबंधात व अन्य लेखनात त्यांनी या केंद्राभिमुखतेला पर्याय शोधला. भारतीय लघुचित्रांत एकाच पटावर अनेक स्थळे आणि अनेक वेळा नांदतात. तेथे नजर एका बिंदूवर बांधलेली नसते. राग तर कोठेच ‘पोचत’ नाही. तो उलगडत राहतो.

यावर एक साधा आक्षेप संभवतो. भिंग आहे तोवर यथादर्शन आहेच. दिग्दर्शक त्यातून सुटणार कसा? कौल यांना ही अडचण पूर्ण ठाऊक होती. म्हणूनच उत्तरोत्तर त्यांनी चौकटीच्या रचनेवरचा भर कमी केला आणि दृश्याच्या कालावधीवर वाढविला. सुंदर चौकट ही त्यांना पुढे पुढे अडगळ वाटू लागली. उत्तरकाळात छायालेखकाने दर्शिकेला डोळा न लावता चित्रण करावे, असा प्रयोगही त्यांनी केला. डोळ्याने चौकट ‘ताब्यात’ घेतली नाही, तर कॅमेरा एखाद्या देहासारखा अवकाशात वावरेल, ही त्यामागची धारणा. प्रयोग दर वेळी फळाला आला असे म्हणता येणार नाही. मात्र ‘उसकी रोटी’तील कोरीव चौकटी करणाऱ्या माणसाने आपल्या हातातली सर्वांत पक्की विद्या अशी खाली ठेवावी, ही गोष्ट लहान नव्हे.

ध्रुपद : काळाची शाळा

कौल यांच्या चित्रपटविचाराला निश्चित रूप आले ते ध्रुपद संगीताच्या शिक्षणातून. रुद्रवीणावादक उस्ताद झिया मोहिउद्दीन डागर आणि त्यांचे बंधू, गायक उस्ताद झिया फरिदुद्दीन डागर यांच्याकडे त्यांनी तालीम घेतली. झिया मोहिउद्दीन डागर यांनी पनवेलजवळील पळस्पे येथे गुरुकुल उभारले. मुंबई परिसरातील ध्रुपद साधनेचे ते महत्त्वाचे केंद्र ठरले. पुढे कौल यांनी स्वतः नेदरलँड्समध्ये वास्तव्य असताना ध्रुपदाचे शिक्षण दिले.

ध्रुपदात आलापाला दीर्घ स्थान आहे. शब्द नाहीत, ताल नाही. स्वर एकेक करून, घाई न करता, आधी मंद्र सप्तकात आणि मग वर उलगडतात. येथे स्वर हा ठोकून बसविलेला बिंदू नसतो. तो एका श्रुतीकडून दुसऱ्या श्रुतीकडे मींडेने जातो आणि स्वरांच्या मधली जागा ही स्वराइतकीच महत्त्वाची असते. रागाचे नियम कडक असतात. कोणता स्वर घ्यावा, कोणता टाळावा, कोठे थांबावे, कोठे थांबू नये हे ठरलेले असते. तरी प्रत्यक्ष आलाप आधी लिहून ठेवता येत नाही. बसल्या जागी तो घडतो.

या तीन गोष्टी कौल यांनी चित्रपटात आणल्या. दृश्य म्हणजे अर्थाचा ठोकळा नव्हे, ते एक चालू असलेले आंदोलन आहे. दोन दृश्यांमधील सांधा हा मींडेसारखा असावा. आणि चित्रपटाची रचना पटकथेत पक्की करून चित्रीकरणात फक्त अंमलात आणावयाची नसून ती चित्रीकरण व संकलन या क्रियांतच सापडली पाहिजे. घोटीव तालमी घेऊन नेमका परिणाम साधण्याला त्यांचा विरोध होता, तो यामुळेच. शिस्त हवी, पण ती रागाच्या नियमांसारखी. फळ आधीच ठरविणारी नव्हे.

फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेला ‘ध्रुपद’ हा अनुबोधपट या विचाराचा सर्वांत स्वच्छ आविष्कार आहे. डागर बंधूंचे गायनवादन, गुरुशिष्यांची तालीम आणि जुन्या वास्तूंचे दगडी अवकाश यांतून तो जातो. सव्वा तासाच्या आत संपणाऱ्या या अनुबोधपटात माहिती थोडी आहे, हे खरे. घराण्याची वंशावळ वा रागांची यादी शोधणाऱ्याने दुसरीकडे जावे. वास्तूच्या कमानीवरून संथपणे फिरणारा कॅमेरा हाच आलाप करतो. अखेरीस तो मुंबईच्या दाट वस्तीवर येतो आणि दरबारी समजले जाणारे संगीत आजच्या शहराच्या छपरांवर ऐकू येऊ लागते. त्या एका दीर्घ दृश्यात दिग्दर्शकाचे सारे म्हणणे आले आहे.

‘सिद्धेश्वरी’ या चित्रपटात संगीताचा बाज बदलला म्हणून चित्रपटाचाही बाज बदलला. बनारसच्या ठुमरीगायिका सिद्धेश्वरी देवी यांच्यावरील या कृतीत चरित्राचे प्रसंग सरळ रेषेत येत नाहीत. ठुमरीत एकच ओळ निरनिराळ्या भावांनी घोळविली जाते; त्याचप्रमाणे बालपण, गुरूचे घर, गंगेचा घाट आणि बनारसच्या गल्ल्या एकमेकांत मिसळून येतात. मीता वसिष्ठ यांनी सिद्धेश्वरींची भूमिका केली. शेवटी त्या दूरचित्रवाणीच्या पडद्यावर खऱ्या सिद्धेश्वरींना गाताना पाहतात. चरित्रपटातील नटाने ‘हुबेहूब’ होण्याचा जो आटापिटा असतो, तो या एका दृश्याने निकाली निघतो. या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट कथाबाह्य चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. छायालेखक पीयूष शाह होते.

पुनःपुन्हा येणारी आशयसूत्रे

वाट पाहणारी स्त्री हे त्यांतील पहिले. बालो, मल्लिका, ‘दुविधा’तील वधू या तिघींचे पुरुष निघून जातात, त्या एका जागी राहतात. कौल त्यांच्याबद्दल कणव निर्माण करीत नाहीत आणि त्यांना बंडखोरही करीत नाहीत. पुरुष प्रवास करतो म्हणजे त्याच्याजवळ कथा असते. स्त्री थांबते म्हणून तिच्याजवळ काळ असतो, अशी ही मांडणी आहे. ‘नजर’ हा चित्रपट दोस्तोयेव्हस्कीच्या कथेवरचा. तीच कथा ब्रेसाँ यांनीही पूर्वी चित्रपटासाठी घेतली होती. तरुण पत्नीच्या आत्महत्येनंतर पती झालेल्या गोष्टींचा उलगडा करू पाहतो. येथे ही मांडणी उलटली असून स्त्री निघून गेली आहे आणि पुरुष काळात अडकला आहे. शेखर कपूर आणि दिग्दर्शकाची कन्या शांभवी यांनी प्रमुख भूमिका केल्या.

साहित्याशी नाते हे दुसरे सूत्र. मोहन राकेश, देठा, मुक्तिबोध, दोस्तोयेव्हस्की, विनोदकुमार शुक्ल असे लेखक त्यांनी निवडले, पण ‘रूपांतर’ या शब्दाचा नेहमीचा अर्थ येथे लागू पडत नाही. रूपांतरकार कथा ठेवतो आणि भाषा टाकतो. कौल यांनी बहुधा भाषा ठेवली आणि कथेचा दाब कमी केला. दोस्तोयेव्हस्कीच्या बृहत् कादंबरीवर दूरदर्शनसाठी चार भागांत केलेल्या ‘इडियट’मध्ये मात्र हे उलटे झाले. पात्रांची गर्दी, घाईने उसळणारे संवाद, सतत घरात येणारी-जाणारी माणसे यांमुळे कौल यांच्या नेहमीच्या शांततेची अपेक्षा धरून आलेला प्रेक्षक गोंधळतो. यात मिश्कीनच्या भूमिकेत अयूब खान दीन असून रगोझिनवर बेतलेल्या भूमिकेत शाहरुख खान आहेत. आज पुष्कळ जण केवळ त्यांच्यासाठी हा चित्रपट शोधतात.

तिसरे सूत्र कारागिरी आणि श्रम यांचे. ‘अरायव्हल’ (१९८०) या लघुपटात मुंबईत येणारा भाजीपाला, फळे, मेंढ्या आणि मजूर एकाच मालिकेत दाखविले आहेत. निवेदन नाही आणि त्याची गरजही भासत नाही. ‘माटी मानस’ हा कुंभारकामावरील चित्रपट. भट्टीत सापडूनही वाचलेल्या मांजरीच्या पिलांची कथा, परशुराम व रेणुकेची कथा अशा मातीशी जोडलेल्या आख्यानांतून तो हस्तकलेचा इतिहास न सांगता तिची स्मृती जागवितो. ‘नौकर की कमीज’मध्ये कारकुनाला साहेबाच्या घरगड्याचा सदरा घालावा लागतो. एका सदऱ्याच्या मापावर माणसाची पायरी ठरावी, ही शुक्ल यांची कल्पना कौल यांच्या हाती हलकीफुलकी, जवळजवळ विनोदी होते. त्यांच्या चित्रपटांची ओळख करून घेणाऱ्याने येथून आरंभ करण्यास हरकत नाही.

मराठी संदर्भ

‘घाशीराम कोतवाल’ (१९७६) हा कौल यांच्या नावाशी निगडित मराठी चित्रपट. विजय तेंडुलकर यांच्या नाटकावर आधारलेली ही कृती चित्रपट संस्थेतून बाहेर पडलेल्या तरुणांच्या ‘युक्त’ या सहकारी गटाने आणीबाणीच्या काळात केली. के. हरिहरन, मणी कौल, सईद मिर्झा व कमल स्वरूप यांची नावे दिग्दर्शक म्हणून येतात, त्यामुळे ती एकट्या कौल यांची मानणे योग्य नव्हे. पटकथा तेंडुलकरांची होती. मोहन आगाशे नाना फडणवीसांच्या आणि ओम पुरी घाशीरामाच्या भूमिकेत होते. रंगमंचावरील माणसांच्या भिंतीचा नाट्यमय परिणाम चित्रपटात जाणूनबुजून सोडून दिला असून सत्ता आणि तिने उभे केलेले हस्तक यांचा इतिहास दीर्घ, वाहत्या दृश्यांतून पुढच्या काळापर्यंत आणला आहे. नाटकाच्या चाहत्यांना तो पचला नाही, हे समजण्यासारखे आहे. बर्लिन येथील आर्सेनल या संस्थेकडे राहिलेल्या प्रतीमुळे हा चित्रपट अभ्यासकांना पुन्हा उपलब्ध झाला.

‘चित्रकथी’ (१९७७) हा लघुपट सिंधुदुर्ग जिल्ह्यातील पिंगुळी येथे ठाकर समाजाने जपलेल्या चित्रकथनाच्या परंपरेशी संबंधित आहे. पोथीतील एकेक चित्र समोर धरून गात गात कथा सांगणे ही चित्रपटाची पूर्वजच म्हणावी अशी कला. चित्र स्थिर, आवाज चल, या तत्त्वाचे कौल यांना आकर्षण का वाटले असेल हे ‘दुविधा’ पाहिलेल्यास सांगावे लागत नाही.

‘सतह से उठता आदमी’ हा चित्रपट गजानन माधव मुक्तिबोध यांच्या कविता, कथा व वैचारिक लेखन यांवर उभा आहे. हिंदीतील हा थोर कवी मराठी मातृभाषेचा. कवी व समीक्षक शरच्चंद्र मुक्तिबोध हे त्यांचे धाकटे बंधू. रमेश, केशव आणि माधव या तीन मित्रांच्या संवादांतून स्वातंत्र्योत्तर निम्नमध्यमवर्गीय विचारवंताची कोंडी व्यक्त होते. नोकरी, तडजोड, अपराधभाव आणि कारखान्याच्या धुराडी यांच्या मधोमध कवितेचा मजकूर येतो. चित्रपट कान महोत्सवातील ‘अं सर्टन रिगार’ या विभागात १९८१ मध्ये दाखविण्यात आला. मुक्तिबोधांचे लेखन न वाचता तो पाहणे जड जाते, ही त्याची मर्यादा मान्य करावी लागेल.

टीका आणि परंपरा

कौल यांच्यावरील सर्वांत वजनदार टीका सत्यजित राय यांची. ‘अवर फिल्म्स, देअर फिल्म्स’ या संग्रहात समाविष्ट असलेल्या लेखात त्यांनी ‘दुविधा’ची आणि शहानी यांच्या ‘माया दर्पण’ची कठोर चिकित्सा केली. जीवनापासून तुटलेला, नाजूक सौंदर्यवाद असा त्यांच्या आक्षेपाचा आशय होता. राय यांची कला माणसाच्या वागण्यातील बारकाव्यांवर उभी होती आणि कौल यांनी नेमके तेच बारकावे काढून टाकले होते. तेव्हा हा मतभेद आवडीनिवडीचा नसून चित्रपटाने माणसाला कसे पाहावे याविषयीचा होता. १९७६ मध्ये संसदेच्या सार्वजनिक उपक्रम समितीनेही फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या अशा चित्रपटांना अर्थसाहाय्य देण्याच्या धोरणावर ताशेरे ओढले. तिकीटविक्रीच्या हिशेबाने पाहिले तर टीकाकारांची बाजू भक्कम होती. परंतु चित्रपट हे साधन प्रेक्षकसंख्येच्या पलीकडे कोठवर जाऊ शकते, हे अजमावण्याची संधी त्या धोरणामुळेच काही वर्षे तरी मिळाली, ही गोष्ट त्या हिशेबात मांडलेली नाही.

कौल यांनी देशात व परदेशात चित्रपटाच्या कार्यशाळा घेतल्या. हिंदी कवी उदयन वाजपेयी यांनी त्यांच्याशी केलेला प्रदीर्घ संवाद ‘अभेद आकाश’ या पुस्तकात असून त्यांचा विचार समजून घेण्यास तो सर्वांत उपयुक्त आहे. त्याचा इंग्रजी अनुवाद त्यांचे शिष्य गुरविंदर सिंग यांनी केला. गुरविंदर यांच्या ‘अन्हे घोडे दा दान’ या पंजाबी चित्रपटाच्या निर्मितीशी कौल अखेरपर्यंत निगडित होते. जुलै २०११ मध्ये कौल यांचे कर्करोगाने निधन झाले. सप्टेंबरमध्ये तो चित्रपट व्हेनिस महोत्सवात दाखविला गेला आणि गुरविंदर यांना त्यासाठी सर्वोत्कृष्ट दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.